मागे वळून पाहणारं जनावर

उसाच्या फडाला लागून असलेल्या मोकळ्या रानात वाघर लावून झाली होती. वाघर म्हणजे रात्री मेंढरांभोवती खुंट्यांच्या आधारानं ताणतात ती जाळी. दिवाळी उरकून सातारा जिल्ह्याच्या दुष्काळी पट्ट्यातून निघालेला धनगरांचा वाडा कोकणच्या वाटेवर होता आणि त्या रात्रीपुरता मी त्यांचा पाहुणा होतो. तीन दगडांच्या चुलीवर भाकरी पडत होत्या. चुलीच्या उबेला एक म्हातारी कुत्री अंगाची कमान करून पडली होती. तिचा पोरगा, टिप्या, जाळीच्या बाहेर बसला होता. तोंड उसाकडे, कान ताठ.

मध्येच तो उठला. भुंकला नाही. उसाच्या अंधारात एकटक पाहत राहिला, मग मान वळवून त्यानं चुलीजवळ बसलेल्या मामांच्या तोंडाकडे पाहिलं. पुन्हा उसाकडे. पुन्हा मामांकडे. मामांनी हातातली भाकरी खाली ठेवली, काठी आणि बॅटरी घेतली आणि काही न बोलता उठले. फडाच्या कडेला जाऊन त्यांनी हाळी दिली, बॅटरीचा झोत फिरवला आणि परत येऊन जेवायला बसले. काय होतं, कोल्हं की बिबट्या, कुणालाच दिसलं नाही. मी विचारलं, "मामा, तो भुंकला पण नाही, तुम्हाला कसं कळलं?"

"भुकतंय त्ये वाऱ्यावर बी," मामा म्हणाले. "पर असं वळून बघितलं म्हंजे हाय कायतरी."

कुत्रा आणि त्याचा माणूस यांच्या नात्याबद्दल गेल्या तीस वर्षांत जगभरच्या प्रयोगशाळांत जे काम झालं, त्यातला मोठा भाग या एका वळून बघण्याभोवती फिरतो.

हंगेरीची राजधानी बुडापेस्ट इथल्या ओटव्होश लोरांद विद्यापीठात आडाम मिक्लोशी आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी लांडग्यांची पिल्लं डोळेही उघडले नव्हते तेव्हापासून हातावर वाढवली. पिल्लं माणसांच्या सोबत झोपायची, माणसांच्या हातून बाटलीनं दूध प्यायची. मोठी झाल्यावर त्यांना आणि तशाच माणसाळलेल्या कुत्र्यांना एक काम शिकवलं: दोरी ओढली की तिला बांधलेलं मांस बाहेर येतं. दोघंही ते शिकले. मग दोरी पक्की अडकवून टाकली. आता कितीही ओढा, मांस बाहेर येणार नाही. लांडगे ओढत राहिले. कुत्र्यांनी थोडा वेळ ओढलं आणि मग मागे वळून आपल्या माणसाच्या तोंडाकडे पाहिलं. २००३ साली हे प्रसिद्ध झालं तेव्हा कुत्र्यांच्या अभ्यासाला एक नवी दिशा मिळाली. लांडग्याला माणसाची सवय होते, त्याला माणसाचा लळाही लागतो. पण अडचण आली की तो अडचणीकडे बघतो. कुत्रा माणसाकडे बघतो.

कुत्रा कमी अक्कलेचा म्हणून तो लवकर हार मानतो, असं यावर कुणी म्हणेल. तसं म्हणणारे अभ्यासकही आहेत. मला ते पटत नाही. लहान मूल बरणीचं झाकण उघडेना की आईकडे बघतं, त्याला आपण हार मानणं म्हणत नाही. आपल्यापेक्षा जास्त जमणारं कुणीतरी जवळ आहे आणि ते आपलं आहे, हे त्याला ठाऊक असतं. टिप्याला बिबट्याशी एकट्यानं झुंजायचं नव्हतं. त्याच्यापाशी काठी नव्हती, बॅटरी नव्हती. मामांपाशी टिप्याचं नाक नव्हतं. त्या एका नजरेत दोघांचा मिळून एक पहारेकरी तयार झाला.

हे पाहणं कुत्र्याच्या अंगात किती खोलवर गेलं आहे याचा एक पुरावा त्याच्या भुवईत आहे. युलियाने कामिन्स्की, अॅन बरोज आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी २०१९ साली मेलेल्या कुत्र्यांच्या आणि लांडग्यांच्या चेहऱ्यांचं विच्छेदन करून स्नायू तपासले. चेहऱ्याची ठेवण जवळजवळ सारखीच होती. फरक डोळ्यांभोवती होता. भुवईचा आतला कोपरा वर उचलणारा एक छोटा स्नायू कुत्र्यांमध्ये नीट तयार झालेला सापडला. लांडग्यांमध्ये त्या जागी विस्कळीत तंतू होते. हा स्नायू आकसला की डोळे मोठे दिसतात, भुवया केविलवाण्या होतात आणि ज्याच्याकडे कुत्रा बघतो आहे त्याला हातातला घास गिळणं अवघड होतं. घरात कुत्रं असलेल्या कुणालाही ही मुद्रा वर्णन करून सांगावी लागणार नाही. विच्छेदनाला प्राणी मोजकेच मिळाले होते, हेही ध्यानात ठेवायला हवं. पण त्याच्या काही वर्षं आधी इंग्लंडमध्ये निवारागृहांतल्या कुत्र्यांवर केलेल्या पाहणीतही असं दिसलं होतं, की जी कुत्री माणूस समोर आल्यावर ही भुवई जास्त वेळा उचलतात त्यांना घर लवकर मिळतं. हजारो वर्षं माणूस नकळत हेच करत आला असणार. जे पिल्लू तसं बघे, त्याच्या पुढ्यात एक तुकडा जास्त पडे.

जपानमधल्या अझाबू विद्यापीठात मिहो नागासावा आणि ताकेफुमी किकुसुई यांनी आणखी आत डोकावून पाहिलं. आई बाळाला पाजते तेव्हा तिच्या शरीरात ऑक्सिटोसिन नावाचं संप्रेरक स्रवतं. दूध उतरण्यात आणि बाळाशी जीव जडण्यात त्याचा वाटा असतो. या संशोधकांनी मालक आणि कुत्रा यांना अर्धा तास एका खोलीत सोडलं आणि आधी व नंतर दोघांच्या लघवीतलं ऑक्सिटोसिन मोजलं. ज्या जोड्यांमध्ये कुत्रा मालकाच्या डोळ्यांत जास्त वेळ बघत राहिला, त्यांत मालकाचं ऑक्सिटोसिन वाढलेलं होतं आणि कुत्र्याचंही. हातावर वाढवलेल्या लांडग्यांमध्ये असं काही झालं नाही. २०१५ साली हे प्रसिद्ध झाल्यावर मोजणीच्या पद्धतीवर इतर शास्त्रज्ञांनी शंका घेतल्या, आणि एवढ्या एका प्रयोगावर सगळा डोलारा उभा करू नये हे खरंच. तरी त्यातली एक गोष्ट मनातून जात नाही. ऑक्सिटोसिनचा फवारा कुत्र्यांच्या नाकात दिला तेव्हा कुत्र्या, म्हणजे माद्या, मालकाकडे जास्त वेळ बघू लागल्या, आणि ज्याला औषधाचा थेंबही दिला नव्हता त्या मालकाचं ऑक्सिटोसिन वाढलं. आई आणि बाळ यांच्यातलं जुनं चक्र एका वेगळ्याच जातीच्या प्राण्यानं आपल्यासाठी उघडून घेतलं आहे.

आता तुकड्याचा प्रश्न. आपल्याकडे कुत्र्याच्या इमानाचं कौतुक करतानाही एक हिशेब मनात असतो. तुकडा टाकला म्हणून शेपूट हलवतो. खाल्ल्या मिठाला जागतो. हे नातं म्हणजे भाकरीची परतफेड, अशी आपली समजूत आहे आणि ती सगळीच खोटी नाही. भाकरीनं कुत्र्याचं शरीर खरोखरच बदललं. पिष्ट पदार्थ पचवणारं विकर तयार करणाऱ्या जनुकाच्या लांडग्यात साधारणपणे दोन प्रती असतात. स्वीडनमधल्या संशोधकांनी २०१३ साली दाखवलं, की कुत्र्यांमध्ये त्या चारपासून तीसपर्यंत असू शकतात. माणूस शेती करू लागला, धान्य शिजवू लागला आणि त्याच्या उष्ट्यावर जगणाऱ्या जनावराचं पोटही बदललं. त्या रात्री टिप्यानं भाकरी ताकात कुस्करून खाल्ली. त्याच्या रानातल्या चुलतभावाला ती तशी पचली नसती.

पण पोट भाकरीनं बदललं म्हणून जीवही भाकरीवरच जडला, असं होत नाही. हाचिकोची गोष्ट सगळ्यांना ठाऊक आहे. टोकियोतल्या शिबुया स्थानकावर रोज मालकाची वाट पाहणारा अकिता जातीचा कुत्रा. मालक हिदेसाबुरो उएनो हे शेतीशास्त्राचे प्राध्यापक, मे १९२५ मध्ये काम करता करता अचानक वारले. हाचिको मार्च १९३५ मध्ये मेला. मधली सुमारे दहा वर्षं तो स्थानकावर येत राहिला. त्याच्या पोटात यकितोरीच्या, म्हणजे भाजलेल्या कोंबडीच्या, काड्या सापडल्या होत्या. त्यावरून काहींनी म्हटलं, की हा मालकासाठी कसला येत होता, खाण्यासाठी येत होता. मला या आक्षेपाचं उत्तर तारखांत दिसतं. हाचिकोची बातमी वर्तमानपत्रात छापून आली १९३२ साली. लोक त्याला प्रेमानं खायला घालू लागले ते त्यानंतर. त्याआधीची सात वर्षं त्याच्या वाट्याला बहुतेक हाड-हाडच आलं होतं. आणि ज्या माणसासाठी तो येत होता त्याचा सहवास त्याला लाभला होता जेमतेम सोळा महिने.

भावनेच्या भरात आपण कुत्र्याच्या मनात हवं ते भरतो, हा धोका मान्य. म्हणून अटलांटातल्या एमरी विद्यापीठाच्या ग्रेगरी बर्न्स यांचं काम महत्त्वाचं. त्यांनी कुत्र्यांना एमआरआय यंत्रात भूल न देता, बांधून न ठेवता, स्वतःच्या मर्जीनं निश्चल पडून राहायला शिकवलं. त्यासाठी आधी यंत्रासारखी नळकांडी करून, यंत्राचा आवाज ऐकवून महिनोन्‌महिने सराव झाला. काही तरी चांगलं मिळणार अशी चाहूल लागली की मेंदूचा जो भाग जागा होतो, तो त्यांनी पाहिला. एका खुणेनंतर खाऊ, दुसऱ्या खुणेनंतर मालक समोर येऊन "शाब्बास" म्हणणार. पंधरा कुत्र्यांपैकी दोघांचाच मेंदू खाऊकडे स्पष्टपणे झुकला. बाकीच्यांना मालकाचं कौतुक तितकंच किंवा त्याहून जास्त मोलाचं वाटत होतं.

ही सगळी लाडावलेली, पोटभर खाणारी कुत्री, त्यांना खाऊचं काय अप्रूप, असं म्हणाल तर त्याचं उत्तर भारतातूनच मिळतं. कोलकात्याच्या आयसर संस्थेत अनिंदिता भद्रा आणि त्यांचे विद्यार्थी बरीच वर्षं रस्त्यावरच्या कुत्र्यांचा अभ्यास करत आहेत. या कुत्र्यांना मालक नाही, उद्याच्या खाण्याची शाश्वती नाही आणि माणसाकडून दगड खाण्याचा अनुभव भरपूर. त्यांच्यापैकी काहींना एका अनोळखी माणसानं पुनःपुन्हा भेटून खायला दिलं, तर काहींच्या डोक्यावरून नुसता हात फिरवला. माणसावरचा विश्वास जास्त वाढला तो हात फिरवलेल्या कुत्र्यांचा. दुसऱ्या एका अभ्यासात माणसानं बोट दाखवलं की ही कुत्री काय करतात ते पाहिलं. निम्मी जवळच आली नाहीत. ती बिचकत होती आणि त्यांच्या बिचकण्याचं कारण आपण आहोत. पण जी जवळ आली, त्यांपैकी दहातली आठ दाखवलेल्या भांड्याकडे बरोबर गेली. त्यांना कुणी शिकवलं नव्हतं. उपाशी कुत्र्यालाही हात हवा असतो, हे वाचलं तेव्हा मी आमच्या गल्लीतल्या त्या पांढऱ्या कुत्रीकडे वेगळ्या नजरेनं पाहू लागलो. तिला मी दोन वर्षं बिस्किटं टाकत आलो होतो. एकदाही हात लावला नव्हता.

मग हे नातं आहे तरी कसलं? लहान मुलं आईशी कशी बांधलेली असतात हे तपासण्यासाठी मेरी एन्सवर्थ यांनी एक साधी चाचणी बसवली होती. अनोळखी खोली, एक अनोळखी बाई, आई थोडा वेळ बाहेर जाते आणि परत येते. बुडापेस्टच्याच योझेफ टोपाल यांनी १९९८ साली हीच चाचणी ५१ कुत्रे आणि त्यांच्या मालकांवर केली. मालक जवळ असताना कुत्री खोली हुंगत, खेळत. मालक बाहेर गेला की खेळ थांबे आणि दाराशी जाऊन उभी राहत. तो परत आला की अनोळखी माणसाला केलं त्याहून कितीतरी वेगळं स्वागत. नमुना तोच, मुलाचा आणि आईचा. नोकर आणि धनी असा हा नमुना नव्हता, आणि मला वाटतं 'मालक' या आपल्या शब्दानं इथे आपली थोडी फसवणूक केली आहे. मालकी वस्तूची असते. इथे जे आहे त्याला मराठीत सरळ शब्द आहे, लळा.

त्याच गटानं पुढे निवारागृहांतल्या कुत्र्यांकडे पाहिलं. माणसाचा फारसा संबंध न आलेल्या या कुत्र्यांशी एका अनोळखी माणसानं फक्त तीनदा, दर वेळी दहा मिनिटं, खेळून बोलून वेळ घालवला. एवढ्यावर ती कुत्री त्या माणसाशी तसं वागू लागली, जसं बाळ आईशी वागतं. तीस मिनिटांत एक जीव आपला झाला. हे सुंदर आहे आणि भीषणही आहे. सुट्टीत मुलांना विरंगुळा म्हणून पिल्लू आणायचं आणि शाळा सुरू झाल्या, बदली झाली, भाड्याच्या घराचा मालक कुरकुरला, की गाडीत घालून दूरच्या रस्त्यावर सोडून यायचं, हे आपल्या शहरांत सर्रास चालतं. सोडून येणारे सांगतात, "राहील कुठेतरी, कुत्रंच आहे." कुठेतरी राहणं त्याला येत नाही. गाडी गेली त्या दिशेला तोंड करून रस्त्याच्या कडेला बसलेलं, गळ्यात अजून पट्टा असलेलं कुत्रं ज्यानं पाहिलं आहे, त्याला एन्सवर्थबाईंच्या चाचणीतलं दार तिथे दिसेल. फरक इतकाच, की हे दार परत उघडत नाही.

इमानाच्या गोष्टी आपण कुत्र्याच्या सांगतो. जेजुरीच्या खंडोबाच्या चित्रात घोड्याच्या पायापाशी कुत्रा असतो आणि खंडोबाचे वाघ्ये स्वतःला देवाचा कुत्राच म्हणवून घेतात. निष्ठेची याहून मोठी उपमा त्यांना सापडली नाही. पण माणसानं कुत्र्याशी राखलेल्या इमानाच्या खुणाही आहेत, आणि त्यांतली एक फार जुनी आहे. जर्मनीत बॉन शहराजवळ ओबरकासेल इथे १९१४ साली दगडाच्या खाणीत काम करताना मजुरांना एक दफन सापडलं. एक पुरुष, एक तरुण स्त्री, आणि त्यांच्यासोबत एका जनावराची हाडं. ती लांडग्याची समजून साठ-एक वर्षं बाजूला पडली होती. पुढे कळलं, की ते सुमारे १४ हजार वर्षांपूर्वीचं कुत्रं आहे. म्हणजे शेतीच्या आधीचं, गुरांच्या आधीचं, भाकरीच्याही आधीचं.

ल्यूक यान्सेन्स हे पशुवैद्य. त्यांनी त्या हाडांकडे डॉक्टरच्या डोळ्यांनी पाहिलं. पिल्लू साधारण २८ आठवड्यांचं असताना मेलं होतं. त्याच्या दातांच्या लुकणावर आडवे चरे होते. वाढीच्या वयात मोठं आजारपण आलं की दाताची वाढ अडते आणि अशी रेघ उमटते, झाडाच्या खोडात दुष्काळाचं वर्ष उमटतं तशी. यान्सेन्स यांनी निदान केलं डिस्टेंपरचं. ज्यांच्या घरचं पिल्लू या रोगानं गेलं आहे त्यांना तो काय असतो हे सांगायला नको. ताप, डोळ्यांनाकातून चिकट घाण, उलट्या, हगवण, पुढे झटके. आजही लस न दिलेलं पिल्लू यातून क्वचितच उठतं. ओबरकासेलच्या पिल्लाला साधारण १९ ते २३ आठवड्यांच्या दरम्यान हा आजार एकदा नव्हे, उलटून उलटून तीनदा बळावला होता आणि तरी ते पुढे काही आठवडे जगलं. औषध नव्हतं. त्याला ऊब देणं, पाणी पाजणं, पुसून कोरडं करणं, एवढंच करता येण्यासारखं होतं, आणि ते कुणीतरी केलं असल्याशिवाय इतके दिवस निघणं शक्य नव्हतं. हिमयुगाच्या शेवटच्या थंडीत, शिकारीवर जगणाऱ्या टोळीत, शिकारीला कधीच उपयोगी न पडलेल्या आणि पडण्याची चिन्हंही नसलेल्या पिल्लासाठी. शेवटी ते गेलं, आणि त्याला माणसांच्या शेजारी पुरलं.

महाभारतातला युधिष्ठिराचा प्रसंग मला याच्या जोडीला ठेवावासा वाटतो. हस्तिनापुराहून निघालेल्या पाच पांडव आणि द्रौपदीच्या मागे एक कुत्रा चालू लागतो. वाटेत एकेक जण पडत जातो. द्रौपदी, सहदेव, नकुल, अर्जुन, भीम. युधिष्ठिर मागे वळून पाहत नाही. तसं महाभारतात स्पष्ट म्हटलं आहे. मागे उरतो फक्त कुत्रा. मग इंद्र रथ घेऊन येतो आणि कुत्र्याला सोडून चढायला सांगतो, तेव्हा हा न वळणारा माणूस अडून बसतो. भाऊ आणि बायको टाकलीस, मग कुत्रा का नाही, या प्रश्नाला त्याचं उत्तर असं आहे, की ते मेले होते, जिवंत असताना मी त्यांना सोडलं नाही. हा जिवंत आहे आणि माझ्या आसऱ्याला आहे. तो कुत्रा म्हणजे धर्म होता, हे पुढे उघड होतं आणि आपण सांगताना नेहमी तिथेच पोचायची घाई करतो. पण युधिष्ठिरानं निर्णय घेतला तेव्हा त्याला ते माहीत नव्हतं. त्याच्यासमोर होतं ते हस्तिनापुरापासून चालत आलेलं एक कुत्रं.

धनगरांचा वाडा पहाटे हलला. वाघर गुंडाळली, भांडीकुंडी, गोधड्या, कोकरं, कोंबड्या घोड्यांवर चढल्या. मेंढरं आणि घोडी इथून वेगळी होतात. पुरुष मेंढरं चारत रानोमाळ जातात, बाया घोडी घेऊन पुढच्या मुक्कामाला. मामींनी एका घोड्यावरची गोधडी दाबून बसकं केलं, चुलीपाशी पडलेल्या म्हाताऱ्या कुत्रीला दोन्ही हातांनी उचललं, गोणपाटात गुंडाळलं आणि कोकरांच्या शेजारी बांधलं. ती कण्हली आणि गप झाली.

"मामी, हिला घोड्यावर?" मी विचारलं.

"चालवत न्हाई आता तिला," मामी दोरी आवळत म्हणाल्या. "धा वर्सं वाडा राखला तिनं. वाटंला टाकून जावं व्हय?"

घोडी सडकेला लागली. मेंढरं बांध ओलांडून उताराला निघाली आणि टिप्या त्यांच्या मागे. गोणपाटातून बाहेर आलेली म्हाताऱ्या कुत्रीची मान मेंढरांच्या दिशेला वळलेलीच राहिली. बांधावर मामा थांबले, सडकेकडे वळले आणि त्यांनी एक लांब हाळी दिली. मेंढरांची हाळी वेगळी असते; ही ती नव्हती.